‘हमारा’ म्हणजे आमचं की आपलं? : ‘हमारा शहर’ या माहितीपटाचं रसग्रहण

घर नुकतंच पाडलेलं आहे. उघड्यावर पडलेल्या संसारापाशी उभी असलेली एक बाई कॅमेऱ्याकडे वळते आणि भडकते. ज्यांनी घर पाडलं त्यांच्यावर तिचा राग आहेच, पण त्या क्षणी तिच्यासमोर उभा आहे तो चित्रण करणारा माणूस. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमवाल, आमच्यासाठी तुम्ही काय करू शकणार आहात, अशा अर्थाचं ती त्याला सुनावते. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ सालच्या ‘हमारा शहर’ या माहितीपटातला हा प्रसंग मी आजवर कितीतरी वेळा पाहिला आहे. दरवेळी तो संपला की पुढची दोन-चार मिनिटं पडद्यावर काय चाललंय ते नीट डोक्यात शिरत नाही.

संकलनाच्या टेबलावर हा तुकडा सहज काढून टाकता आला असता. त्या काळी असे चित्रपट सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रित होत. रीळ महाग, पैसा तुटपुंजा, त्यामुळे प्रत्येक फूट ठेवायचा की कापायचा याचा हिशेब दिग्दर्शकाला करावाच लागे. पटवर्धनांनी तो राग चित्रपटात ठेवला. त्यावर स्पष्टीकरण जोडलं नाही, स्वतःची बाजू मांडणारं वाक्य घातलं नाही. बाई बोलते आणि तिचा प्रश्न तसाच राहतो. तो पडद्यावरून निघून आपल्या खुर्चीपर्यंत येतो, कारण तिचं हे दुःख पाहणारे शेवटी आपण असतो. चित्रपट पाहून हळहळणं आणि तिच्यासाठी काही करणं यांतलं अंतर ती दोन-तीन वाक्यांत मोजून दाखवते. या चित्रपटाच्या प्रामाणिकपणावर माझा विश्वास बसला तो याच जागी.

मी गोव्यातल्या डिचोली तालुक्यातला. लहानपण मुंडकाराच्या घरात गेलं. घर आमचं आणि जमीन भाटकाराची, म्हणजे जमीनमालकाची. अंगणात नवा खांब रोवायचा झाला तरी आजोबा आधी दोन दिवस विचार करत. त्यामुळे घराबद्दलचा कुठलाही चित्रपट पाहताना माझं लक्ष नकळत भिंतीवरून जमिनीकडे जातं. मुंबईचा फुटपाथ आणि डिचोलीचं भाट यांच्यात काहीच साम्य नाही असं वाटण्याचा एक काळ होता. आता पेडणे आणि डिचोली तालुक्यांत जमिनीचं जे चाललं आहे ते पाहताना हा चित्रपट मला शेजारच्या गावात घडल्यासारखा वाटतो.

शीर्षकापासून सुरुवात करतो, कारण मराठी माणूस तिथेच अडखळतो. हिंदीतलं ‘हमारा’ मराठीत आणायचं कसं? आपल्याकडे दोन शब्द आहेत. ‘आमचं’ म्हटलं की ऐकणारा बाहेर राहतो. ‘आपलं’ म्हटलं की तो आत येतो. दारात आलेल्या पाहुण्याला आपण ‘हे आमचं घर’ म्हणून सांगतो, आणि अंधाराला घाबरलेल्या लेकराला ‘हे आपलंच घर आहे ना’ म्हणून जवळ घेतो. हिंदीत दोन्हींना एकच शब्द पुरतो. इंग्रजी शीर्षकातल्या ‘अवर सिटी’चंही तसंच. आमच्या कोकणीतही ‘आमचें’ हा शब्द दोन्ही बाजूंनी चालतो, म्हणूनच ‘आमचें गोंय’ ही हाक कधी सगळ्यांना कवेत घेते, तर कधी कुणाला तरी उंबऱ्याबाहेर थांबवते. मराठी प्रेक्षकाला मात्र निवड करावी लागते, आणि ‘हमारा शहर’ अथपासून इतिपर्यंत त्याला ती करायला लावतो. शहर आमचं की आपलं?

हा प्रश्न कुठून उगवला ते पाहिलं की चित्रपटाचा ताण कळतो. १३ जुलै १९८१ रोजी, ऐन पावसाळ्यात, महाराष्ट्राचे तेव्हाचे मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी जाहीर केलं, की मुंबईतल्या फुटपाथवर राहणाऱ्यांना तिथून हटवून त्यांच्या मूळ गावी पाठवण्यात येईल. पाठवणी सुरूही झाली. प्रकरण आधी मुंबई उच्च न्यायालयात आणि मग सर्वोच्च न्यायालयात गेलं. पत्रकार ओल्गा टेलिस यांच्या नावाने ओळखला जाणारा तो खटला. १० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांच्या घटनापीठाने निकाल दिला, की पोट भरण्याचा अधिकार हा घटनेच्या एकविसाव्या कलमातल्या जगण्याच्या अधिकाराचाच भाग आहे. माणूस फुटपाथवर राहतो ते काम जवळ असतं म्हणून, तिथून त्याला उचललं की त्याचं कामही जातं, हे न्यायालयाने मान्य केलं. पण फुटपाथ मोकळे करण्याचा पालिकेचा अधिकारही त्याच निकालाने कायम ठेवला. पाडापाडी पावसाळा संपेपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबरपर्यंत थांबवली आणि १९७६च्या झोपडपट्टी गणनेत ओळखपत्रं मिळालेल्यांना पर्यायी जागा द्यायला सांगितलं. एका हाताने हक्क दिला आणि दुसऱ्या हाताने मुदत. ‘हमारा शहर’ घडत होता तो १९८१ची घोषणा आणि हा निकाल यांच्या मधल्या वर्षांत. पडद्यावरच्या पावसात प्लास्टिकच्या कागदाखाली बसलेली माणसं पाहताना न्यायालयाने नेमकी पावसाळ्याचीच सवलत का दिली असेल हे उमगतं. त्या कागदाखालच्या ओलीचा वास आमच्याकडच्या माणसाला सांगावा लागत नाही.

पटवर्धन तेव्हा पस्तिशीचे होते. जन्म मुंबईतला, १९५०चा. अहमदनगरचे, राष्ट्रीय चळवळीतले अच्युतराव आणि रावसाहेब पटवर्धन हे त्यांचे काका, आई निर्मला पटवर्धन नावाजलेल्या कुंभारकलावंत. यांतली दुसरी गोष्ट डिचोलीच्या माणसाला विशेष भावते. आमच्या गावाची एक ओळखच मुळी माती घडवणाऱ्यांची. कुंभार माती फार दाबत नाही. चाक फिरत असतं, तो बोटांनी फक्त आधार देतो. पटवर्धनांच्या मुलाखतींमध्ये मला तो हात दिसतो. पडद्यामागून त्यांचा आवाज येतो, प्रश्न लहान असतो, स्वर चढा नसतो. समोरच्याला ते बोलू देतात आणि बोलून झाल्यावरही कॅमेरा लगेच हलवत नाहीत. माणूस आपल्याच वाक्यानंतर क्षणभर गप्प होतो, आणि त्या गप्प राहण्यात तो काय बोलला हे त्याला आणि आपल्यालाही ऐकू येतं.

चित्रपटातल्या दोन भाषा कान देऊन ऐकण्यासारख्या आहेत. सुस्थितीतली माणसं बहुतेक इंग्रजीत बोलतात. त्यांच्या बोलण्यात शहराचं सौंदर्य, स्वच्छता आणि शिस्त वारंवार येतात. वाक्यं पूर्ण असतात, व्याकरण चोख असतं, आणि त्यांत माणूस क्वचितच येतो. ‘समस्या’ येते, ‘अतिक्रमण’ येतं. रस्त्यावरची माणसं हिंदीत बोलतात, मधूनच आपल्या गावच्या भाषेत घसरतात. त्यांची वाक्यं मोडतात, पण त्यांत पोरं असतात, भांडी असतात, पाण्याचा हंडा असतो, किती वर्षं इथे राहिलो याचा हिशेब असतो. दिग्दर्शक या दोन भाषा एकमेकींशेजारी ठेवतो. शहर सुंदर करण्याबद्दलचं बोलणं कानात असतानाच ते शहर बांधणारे हात डोळ्यांपुढे येतात. इमारती उभारणारा मजूर, घरोघरी धुणीभांडी करणारी बाई, कारखान्यातला कामगार ही सगळी त्या वस्तीतलीच माणसं. मुंबईची जवळजवळ निम्मी लोकसंख्या तेव्हा झोपड्यांत राहत होती. शहराला त्यांचं काम हवं आहे आणि त्यांची चूल नको आहे, ही गोष्ट कुणीही मोठ्या आवाजात न सांगता या जोडणीतून कळते.

या पद्धतीवर एक आक्षेप घेता येतो, आणि तो मला पूर्ण चुकीचा वाटत नाही. गरीब आणि श्रीमंत इतके समोरासमोर उभे केले, की मधला माणूस सुटतो. चाळीतला कारकून, सहकारी सोसायटीत हप्ते भरून जागा घेतलेला मास्तर, म्हणजे बहुतेक मराठी प्रेक्षक, ‘हे आपल्याबद्दल नाही’ असं म्हणून निसटू शकतो. पण तो निसटू लागतो तेव्हाच त्या बाईचा प्रसंग आठवतो. ती समोरच्याला गरीब आहेस की श्रीमंत हे विचारत नाही. तुम्ही पाहता, मग पुढे काय, एवढंच विचारते. मधल्या माणसासाठी तिने सुटायला जागा ठेवलेली नाही.

मग येतं विलास घोगरे यांचं गाणं. घोगरे मुलुंडच्या वस्तीत राहणारे दलित शाहीर, चळवळीत गाणारे. चित्रपटभर माणसं आपापलं दुःख एकेकटी सांगत असतात. ज्याचं घर पडलं तो आपल्या घराबद्दल बोलतो. घोगरे गाऊ लागतात तेव्हा या सगळ्या सुट्या हकिकती पहिल्यांदा एका सुरात बसतात. शाहिरीची ताकद हीच, की ‘मी’ म्हणता म्हणता ‘आम्ही’ कधी झालं ते कळत नाही आणि ऐकणारा मान डोलवू लागला की ‘आम्ही’चं ‘आपण’ होतं. आवाज खडा आहे, दया मागणारा नाही. मला या चित्रपटातलं ‘हमारा’ सर्वांत स्वच्छ ऐकू येतं ते तिथे.

त्या गाण्याची पुढची गोष्ट सांगितल्याशिवाय रसग्रहण पुरं होणार नाही. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात, डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. दहा जण मेले. त्यानंतर काही दिवसांतच घोगरे यांनी आपल्या खोलीत गळफास घेतला. ज्याने आपल्या चित्रपटाला आवाज दिला तो माणूस असा का गेला, हे शोधायला पटवर्धन पुन्हा कॅमेरा घेऊन निघाले. चौदा वर्षांनी ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला, तीन तासांहून मोठा. त्यात ‘हमारा शहर’मधले घोगरे पुन्हा गाताना दिसतात. पहिल्यांदा पाहताना जे एक चांगलं गाणं होतं ते दुसऱ्यांदा ऐकवत नाही. माहितीपटात टिपलेला माणूस पडद्याबाहेर जगत असतो, म्हणून जुनं रीळ काळाबरोबर बदलत जातं. कथापटाच्या वाट्याला हे असं येत नाही.

आणि त्या बाईच्या प्रश्नाचं काय झालं? चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, परदेशांतही गौरव झाला. नाव कमवाल, हे तिचं म्हणणं खरं ठरलं. पण १९८६ साली नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली, तेव्हा तिथल्या रहिवाशांबरोबर शबाना आझमी आणि पटवर्धन उपोषणाला बसले. निवारा हक्क सुरक्षा समितीच्या त्या लढ्यातून विस्थापितांना गोरेगावच्या दिंडोशीत पर्यायी जमीन मिळाली. नरिमन पॉइंटहून दिंडोशी म्हणजे शहराचं एक टोक ते दुसरं टोक, रोजच्या कामापासून कितीतरी लांब. तरीही पायाखाली जमीन आली. दिग्दर्शकाने त्या बाईला उत्तर दिलं असेल तर ते पडद्यावर नाही, उपोषणाच्या मांडवात दिलं. चित्रपटाची किंमत त्याच्या चौकटीतच करावी असं कुणी म्हणेल. मला तसं करता येत नाही. तिने प्रश्न चौकटीबाहेरचा विचारला होता.

आता मी हा चित्रपट पेडण्यात आणि डिचोलीत आणतो.

डिचोली १७८१च्या सुमारास आणि पेडणे १७८८ साली पोर्तुगिजांकडे आलं. या नव्या काबिजादी, म्हणजे पोर्तुगिजांनी नंतर मिळवलेला मुलूख. जुन्या काबिजादींपेक्षा इथली भाषा, देवळं, भजनं, दशावतार सगळं मराठीच्या जवळ राहिलं, आणि जमीन थोड्या घराण्यांच्या हाती राहिली. माणूस पिढ्यान्‌पिढ्या एका जागी राहायचा, माड शिंपायचा, भात पेरायचा, आणि पायाखालची जमीन त्याची नसायची. गोव्याच्या पहिल्या मुख्यमंत्र्यांनी, पेडण्यात जन्मलेल्या भाऊसाहेब बांदोडकरांनी, १९६४ साली कूळ कायदा आणला. त्यांच्या कन्या शशिकलाताई काकोडकर यांच्या काळात १९७५चा मुंडकार संरक्षण कायदा आला. त्यामुळे मुंडकाराला घराबाहेर काढणं भाटकाराला अशक्य झालं आणि घराखालची, पंचायत क्षेत्रात तीनशे चौरस मीटरपर्यंतची जमीन विकत घेण्याचा हक्क मुंडकाराला मिळाला. ‘हमारा शहर’मधल्या लोकांनी मागितलं त्याहून जास्त आमच्या हाती दहा वर्षं आधीच आलं होतं. हा कायदा करणाऱ्यांबद्दल माझ्या मनात आजही कृतज्ञता आहे.

पण कायदा आणि घर यांच्या मध्ये मामलेदाराची कचेरी असते. मुंडकार म्हणून नोंद, मग खरेदीचा अर्ज, मोजणी, हरकती, तारखा. भाटकाराचे वारसदार सहा, त्यांतले दोन लिस्बनला आणि एक मुंबईला. जमिनीच्या एक-चौदाच्या उताऱ्यावर आजोबांचं नाव ‘इतर हक्कां’च्या रकान्यात. आजोबा गेले, वडील गेले, फाईल राहिली. आमच्या वाड्यावरच्या एका म्हाताऱ्या बाईच्या घराचे मी एकदा फोटो काढत होतो. कागदपत्रांना जोडायचे होते. ती पडवीत बसली होती. म्हणाली, “फोटो काडून कितें जातलें रे पुता?” फोटो काढून काय होणार, असं विचारणाऱ्या त्या आवाजात राग नव्हता. राग कधीचाच निथळून गेला होता. मला मुंबईतली ती बाई आठवली आणि हात थांबले.

डिचोली तालुक्यातल्याच मये गावात तर गोष्ट आणखी निराळी. तिथली जमीन पोर्तुगीज राजवटीत काउंटची पदवी मिळालेल्या जमीनदाराची. १९६१च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला, जमीनदार पोर्तुगालात राहिला आणि १९६४च्या कायद्याने ती जमीन स्थलांतरितांची मालमत्ता ठरून सरकारी कस्टोडियनच्या ताब्यात गेली. देश स्वतंत्र, गोवा मुक्त, आणि मयेचा माणूस स्वतःच्या घराची कौलं बदलतानाही दुसऱ्याच्या मालमत्तेत राहणारा. आंदोलनं झाली, निवेदनं गेली, पिढ्या उलटल्या. २०१४ साली जुने मालकी हक्क रद्द करणारा कायदा झाला, आणि त्यानंतर लोकांच्या हाती सनदा येऊ लागल्या. पन्नास वर्षं. इथे बुलडोझर आला नाही, म्हणून कॅमेराही आला नाही.

या ठिकाणी मला ‘हमारा शहर’ची ताकद आणि मर्यादा एकदमच दिसते. पाडलेलं घर पडद्यावर दिसतं. धूळ उडते, भांडी आपटतात, पोरं रडतात. जे घर कधी बांधताच आलं नाही ते कसं दाखवायचं? पेडण्यातल्या तरुण जोडप्याचं घर पाडायला कुणी येत नाही, कारण ते अजून उभंच राहिलेलं नाही. मोरजी, आश्वे, मांद्रे, हरमल हा किनारा आधी पर्यटनाने महाग झाला. मोपाच्या पठारावरच्या विमानतळाचं उद्घाटन ११ डिसेंबर २०२२ला झालं, ५ जानेवारी २०२३पासून विमानं उतरू लागली, आणि समुद्र न दिसणाऱ्या आतल्या गावांतही जमिनीचा भाव बोलला जाऊ लागला. पठारावरची धनगर कुटुंबं त्याआधीच उठली होती. नगरनियोजन कायद्याची १७(२) आणि ३९अ ही कलमं आता चहाच्या गाड्यावर लोकांच्या तोंडी असतात. शेताचा रंग नकाशावर कसा बदलतो ते ज्यांनी कधी नकाशा पाहिला नव्हता त्यांनाही समजू लागलं आहे. डिचोलीत शिरगाव-मुळगावच्या लोकांना भीती आहे ती खाणपट्ट्याच्या हद्दीत सापडलेल्या घरांची आणि देवळांची.

आणि या सगळ्यात २०११च्या जनगणनेत गोव्यातल्या दर पाच घरांमागे सुमारे एक घर बंद होतं. देशात इतकं मोठं प्रमाण दुसरीकडे नव्हतं. त्यांत परदेशी गेलेल्यांची वडिलोपार्जित घरं आहेत, वारसांच्या भांडणात कुलूप पडलेली आहेत, वर्षातून आठ दिवस उघडणारे बंगले आहेत. खोली आहे, पण ती पर्यटकाला रोजच्या भाड्याने द्यायची. शाळेतल्या शिक्षिकेला किंवा इस्पितळातल्या नर्सला महिन्याच्या भाड्याने ती परवडत नाही. या टंचाईचं चित्रण करायचं तर कॅमेरा कुठे लावायचा? बंद खिडकीसमोर? तालुक्याच्या कचेरीतल्या बाकावर? संध्याकाळी सहाला पेडण्याहून दूरच्या गावी परतणाऱ्या बसमध्ये? मला वाटतं, तिथेच. ज्याला या विषयावर गोव्यात माहितीपट करायचा आहे त्याने पटवर्धनांकडून धूळ आणि बुलडोझर उचलू नयेत, थांबण्याची रीत उचलावी. माणूस बोलून गप्प झाला की कॅमेरा चालू ठेवायचा. आमची माणसं बोलतात कमी, त्यांचं बरंचसं म्हणणं त्या गप्प बसण्यातच असतं.

दुसरी उचलावी अशी गोष्ट अधिक अवघड आहे. पेडण्यात बंगले उभे राहतात ते कुणाच्या हातांनी? कर्नाटक, झारखंड, ओडिशा, उत्तर प्रदेशातून आलेल्या माणसांच्या. ती राहतात पत्र्याच्या खोल्यांत, एका नळावर अनेक कुटुंबं. त्यांना आम्ही ‘भायले’, म्हणजे बाहेरचे, म्हणतो. जमीन विकत घेणारे श्रीमंत आणि ती खणणारे गरीब, दोघांनाही तोच शब्द. आमच्या मुलाला गावात घर परवडत नाही हे दुःख खरं आहे, मी ते रोज पाहतो. पण त्या दुःखाचा राग पत्र्याच्या खोलीवर काढणं सोपं असतं आणि बंगल्यावर काढणं अवघड. २००४च्या जूनमध्ये, पाऊस सुरू होताना, वास्कोच्या बायणा किनाऱ्यावरची वस्ती पाडली गेली, तेव्हा गोव्यात फारसं कुणी हळहळलं नाही. १९८१ साली मुंबईत ‘मूळ गावी परत जा’ असं ज्यांना सांगितलं गेलं त्यांतले कितीतरी जण महाराष्ट्राच्याच दुष्काळी भागातले होते. ‘आमचं’ या शब्दाची कुंपणं अशी असतात. आज दुसऱ्याभोवती घातलेलं कुंपण उद्या आपल्या दाराशी येऊ शकतं, हे ‘हमारा शहर’ पाहणाऱ्याला विसरता येत नाही.

म्हणून मी शीर्षकाचं भाषांतर ‘आपलं शहर’ असंच करतो. चित्रपटातला प्रत्येक चेहरा ते भाषांतर मागतो. मराठीत ‘आपलं’ला आणखी एक अर्थ आहे, स्वतःचं. ‘एकदा आपलं घर झालं की बरं’ असं म्हणणारा माणूस कुणाला बाहेर ठेवत नसतो, त्याला फक्त दाराला आतून कडी लावून निर्धास्त झोपायचं असतं. सगळ्यांचं आणि स्वतःचं, हे दोन्ही अर्थ एका शब्दात सांभाळणारी आपली भाषा आहे. घराच्या प्रश्नावर याहून नेमकी मागणी मला सुचत नाही.

२०२५ साली गोवा सरकारने ‘म्हजें घर’ नावाची योजना आणली. अनेक वर्षं कागदाविना उभ्या असलेल्या घरांना कागद देण्याचं तिचं वचन आहे. आमच्या वाड्यावरची ती म्हातारी बाई पुन्हा अर्जासाठी फोटो काढून घ्यायला तयार झाली. या वेळी मी गेलो तेव्हा तिने पडवी सारवली होती आणि दाराच्या चौकटीला आंब्याचं तोरण बांधलं होतं. कितें जातलें, हे तिने विचारलं नाही. दाराला टेकून सरळ उभी राहिली आणि कॅमेऱ्याकडे बघत राहिली. मी बटण दाबलं. तिचा तो जुना प्रश्न आता माझ्याकडे आहे.